त्र्याण्णव टक्के खात्री

ती. भावोजी,

साष्टांग नमस्कार. एरवी हा शब्द मी सवयीने लिहितो आणि पुढच्या ओळीवर जातो. आज तो लिहून पाच मिनिटं थांबलो, कारण या वेळी खरोखरच जमिनीवर पालथं पडावं अशी माझी अवस्था आहे. (पडलोही असतो, पण उठवायला हिला हाक मारावी लागली असती, आणि हिने मंगळवारपासून माझ्याशी बोलणं टाकलं आहे.) यानंतर पत्रात तब्येतीची चौकशी करायची असते. ती जागा मी मोकळी सोडतो. गेल्या तीन आठवड्यांत तुमच्या तब्येतीची चौकशी इतक्या लोकांनी केली आहे की त्यात आणखी एकाची भर घालायचं धाडस मला होत नाही. ताईला नमस्कार सांगा. ती पत्र फाडायला निघाली तर फाडू द्या, फक्त तुमचं वाचून झाल्यावर.

आता सरळ सांगतो. तुमचा हात थरथरतो, तुम्हांला काहीतरी मोठं दुखणं आहे आणि ते तुम्ही लपवता आहात, ही बातमी कुणी उठवली याचा तुम्ही शोध घेत होतात ना? ती मी उठवली. तुमच्या सख्ख्या मेहुण्याने. हे वाक्य लिहायला मला तीन कागद लागले. पहिल्या दोन कागदांवर ‘बातमी उठली’ असं लिहिलं होतं, जणू ती सकाळी आपली आपण उठून दात घासायला गेली.

झालं ते असं. त्या सोमवारी मी तुमच्या दुकानात आलो होतो. तुम्ही एक लहानसं मनगटी घड्याळ उघडून बसला होतात. स्वतःच्या डोळ्याला तुमचं ते छोटं भिंग लावलंत, दांड्याचं मोठं भिंग माझ्या हातात दिलंत आणि म्हणालात, बघा, केसासारखी स्प्रिंग आहे. मी बघितलं, तर तुमचा चिमटा थरथरत होता. दुसरा कुणी असता तर तिथल्या तिथे म्हणाला असता, भावोजी, हात का हो थरथरतोय? पण मी पडलो विज्ञानाचं तत्त्वज्ञान शिकवणारा. पुरावा किती भक्कम म्हणजे विश्वास किती ठेवायचा, हे मी सव्वीस वर्षं पोरांना शिकवतो. (मुलं मला पाठीमागे ‘बहुधा सर’ म्हणतात, कारण आज तास होणार का या प्रश्नालाही मी तेच उत्तर देतो.) तुम्हांला विचारणं मला अशास्त्रीय वाटलं. म्हटलं, आजारी माणूस आजार लपवणारच, तेव्हा त्याची साक्ष धरता येत नाही. घरी आलो, वही उघडली आणि लिहिलं : भावोजी आजारी असण्याची शक्यता, वीस टक्के.

एवढ्यावर थांबलो असतो तर आज ताईच्या दारातून परत यावं लागलं नसतं. पण एका निरीक्षणावर निष्कर्ष काढू नये, स्वतंत्र साक्षीदार शोधावेत, असं मीच फळ्यावर लिहीत आलो आहे. म्हणून मावशीला फोन केला. तिला मी काहीही सांगितलं नाही, हे शपथेवर लिहितो. फक्त विचारलं, भावोजींच्या हाताबद्दल तुझ्या कानावर काही आलंय का? ती नाही म्हणाली. मी वहीत नोंद केली की या साक्षीदाराकडे माहिती नाही. फोन ठेवताक्षणी ती माहिती तिच्याकडे आली होती, हे नोंदवायचं राहिलं.

दुसऱ्या दिवशी आपला औषधवाला मामेभाऊ रस्त्यात भेटला आणि आपण होऊन म्हणाला, भावोजींचा हात थरथरतो म्हणे? भावोजी, मला काय वाटलं असेल! मी त्याला अवाक्षर बोललो नव्हतो, आणि माणूस औषधांच्या धंद्यातला. दिवसभर आजाऱ्यांचीच तोंडं बघणारा. पंचेचाळीस टक्के. आठवड्याने कॉलेजचे ग्रंथपाल सांगत आले की त्यांच्या आईचं टेबलावरचं घड्याळ त्यांनी तुमच्याकडून तसंच परत आणलं, कारण घड्याळजींना हल्ली झेपत नाही असं ऐकलं. ग्रंथपालांचा आपल्या घराशी काडीचा संबंध नाही. याहून स्वतंत्र साक्षीदार कुठे मिळणार? सत्तर. मग मी मुद्दाम तुमच्या दुकानावरून चक्कर मारली. भर दुपारी गिऱ्हाईक नाही, तुम्ही दोन्ही हातांत डोकं धरून बसलेले. पंच्याऐंशी. (गिऱ्हाईक का नाही, हा प्रश्न मला पडला नाही. डोकं कुणामुळे धरलं आहे, हाही नाही.) त्याच संध्याकाळी ताई भाजीच्या पिशव्या घेऊन समोरून आली. डोळे सुजलेले. मला बघून तिने रस्ता बदलला. घरी येऊन मी वहीत त्र्याण्णव लिहिलं, त्याखाली दोन रेघा मारल्या आणि खरं सांगतो, तुमच्या काळजीने रडलो. ते रडणं खोटं नव्हतं. पण रडताना गणित बरोबर आल्याचं थोडं समाधानही होतं, आणि याचीच मला आता सगळ्यांत जास्त लाज वाटते.

यापुढचं तुम्हांला ठाऊक आहे, फक्त ते माझ्यामुळे कसं झालं हे ठाऊक नाही. कॉलेजच्या मनोऱ्यावरचं घड्याळ एकोणीस वर्षं दर शनिवारी तुम्ही चावी देऊन चालवत आलात. प्राचार्यांनी मला सहज विचारलं, तुमचे भावोजी बरे आहेत ना, काहीबाही ऐकू येतंय. नातं बाजूला ठेवून सत्य सांगावं, असं मला वाटलं. मी म्हणालो, मनोऱ्याची शिडी त्यांनी आता चढू नये, आजारी असल्याची खात्री त्र्याण्णव टक्के. लोक आकड्याला फार मान देतात. मी नुसतं ‘मला वाटतं’ म्हटलं असतं तर ते हसून विसरले असते. शनिवारी तुम्ही किल्ली मागायला आलात तेव्हा शिपायाने दुसऱ्या माणसाला वर पाठवल्याचं तुम्हांला सांगितलं. तुम्ही आल्या पावली परत गेलात, असं शिपाई म्हणाला. मी तेव्हा तिथून वीस पावलांवर, शिक्षकांच्या खोलीत चहा पीत होतो.

डोळे उघडले ते परवा वर्गात. स्वतंत्र पुरावा म्हणजे काय हे समजावताना मी दर वर्षीचंच उदाहरण दिलं : एकाच बातमीदाराची बातमी चार वर्तमानपत्रांनी छापली तर ते चार पुरावे होत नाहीत, एकच होतो. पहिल्या बाकावरच्या मुलीने विचारलं, सर, आणि त्या बातमीदारानेच ते चार पेपर वाचून स्वतःची खात्री करून घेतली तर? मी हसलो. म्हणालो, इतका मूर्ख माणूस... आणि खडू हातातच राहिला. तास तिथेच सोडून ग्रंथपालांकडे गेलो. त्यांना मामेभावाने सांगितलं होतं. मामेभावाला मावशीने. मावशीला फोन लावला, तर ती म्हणाली, “कुणी म्हणजे? तूच की रे!” रिकामं दुकानही माझंच आणि ताईचे सुजलेले डोळेही माझेच. मी एकटाच पाच जण होऊन स्वतःपुढे साक्ष देत होतो, आणि स्वतःचं म्हणणं मला फार पटत गेलं.

प्राचार्यांना लेखी कळवलं आहे. ते म्हणाले, मग आता किती टक्के? मी म्हटलं, साहेब, आता आकडा नको. किल्ली शनिवारी तुमच्याकडे येईल. ग्रंथपालांच्या आईची मी स्वतः जाऊन माफी मागितली. त्यांना ऐकू कमी येत असल्याने तीनदा, वरच्या पट्टीत मागितली, शेजारीपाजारी ऐकायला जमले, ते बरंच झालं. मावशीलाही खरं काय ते सांगितलं, म्हणजे ते रात्रीच्या जेवणापर्यंत सगळीकडे पोचलं असेल. ताईकडे गेलो, तर तिने दार अर्धंच उघडलं. म्हणाली, “एवढं शिकलास. त्यांना एकदा तोंडाने विचारलं असतंस तर काय झिजला असतास?” आणि दार लावून घेतलं. चार साक्षीदार गळले. उरला माझा स्वतःचा डोळा, त्याचं खाली लिहितो. रागवा, शिव्या द्या, पण गप्प राहू नका.

तुमचा,
लाजेने अर्धा झालेला मेहुणा

ता. क. वही फाडून टाकली. खोटं कशाला, आधी शेवटच्या पानावर ‘भावोजी माफ करतील’ असं लिहून पुढे आकडा घालायला गेलो होतो. मग फाडली.

आणखी ता. क. आता त्या डोळ्याचं. काल ग्रंथालयातून भिंग आणलं आणि माझं स्वतःचं घड्याळ टेबलावर काढून ठेवून त्यातून बघितलं. कुणी हात लावलेला नव्हता, तरी घड्याळ थरथरत होतं. टेबलही थरथरत होतं. त्या सोमवारीही तुमच्या चिमट्याबरोबर घड्याळ, फळी, सगळंच थरथरलं असणार. मला दिसला तो फक्त तुमचा हात. भिंग डाव्या हातात घेतलं, तर सगळं जागच्या जागी थांबलं. म्हणजे थरथरतो तो माझा उजवा हात. या पत्राचं अक्षर बघून ते तुमच्या लक्षात आलंही असेल.

शेवटचा ता. क. येत्या गुरुवारी सकाळी दहाला या हातासाठी मोठ्या डॉक्टरांची वेळ घेतली आहे. वर लिहिलेलं सगळं खरं आहे, पण आज टपाल गाठायची घाई केली ती यासाठी. हिला सांगितलेलं नाही, ताईला नाही, मावशीला तर नाहीच. भीती किती वाटते हे मोजलेलं नाही, पण फार वाटते. मागणं निर्लज्जपणाचं आहे हे कळतं, तरी या वेळी दुसऱ्या कुणाकडे चौकशी न करता थेट तुम्हांलाच विचारतो : भावोजी, माझ्याबरोबर याल का?