सुतक घराला, कोर्टाला नाही

तीर्थस्वरूप सुनयना दीदीस धाकट्या फुचनचा साष्टांग नमस्कार. माय बरी आहे, म्हैस बरी आहे, मीही बरा आहे (कसा राहिलो ते पुढे वाचशीलच). जीजाजींचा गुडघा आता काय म्हणतो?

बाबूजी गेले आणि मागे राहिला त्यांचा सत्तावीस वर्षांचा दावा. तळ्यावर जायच्या आपल्या वाटेवर कीर्तिनाथकाकांनी कुंपण घातलं, त्याचा. माय छठच्या पूजेला त्याच वाटेनं पाण्यात उतरते. तेवढ्यापुरतं काका स्वतः कुंपण काढतात, वाट झाडतात, सारवतात, आणि छठ उरकली की पुन्हा ठोकतात. (व्रतीला अडवायची छाती आपल्या गावात कुणाची?) पण बाबूजींना मेहेरबानी नको होती, हक्क हवा होता. वकील म्हणाले, वादी वारला की नव्वद दिवसांत वारसांची नावं लावायची, नाहीतर दावा आपोआप खलास. म्हटलं, रग्गड झाले! आणि आपल्याकडे सगळी कामं तेराव्यानंतर सुरू होतात, तसे मी दिवसही तेराव्यापासून मोजले.

अठ्ठ्याऐंशीव्या दिवशी सकाळीच काका काठी आपटत अंगणात. "काय रे शहाण्या, अर्ज दिलास?" म्हटलं, अजून पंधरा दिवस आहेत. त्यांनी कपाळावर हात मारला. "अरे गाढवा, सुतक तुझ्या घराला, कोर्टाला नाही! परवा संपतंय सगळं!" मग लहानपणापासून ज्याला शिव्या घालत आलो, त्याच माणसानं खाटेवर बसून मला वारसांची नावं लिहून दिली. (मी तुझं नाव घातलंच नव्हतं. "लेक वारस नाही होय रे?" म्हणून असा झापला की विचारू नकोस.) लगेच बसनं मला मधुबनीच्या कोर्टात नेलं. कोर्टात त्यांचा वकील हरकत घ्यायला उठला, तर काकांनी कोट ओढून त्याला खाली बसवला. साहेबांनी विचारलं, काही आक्षेप? काका उभे राहिले. "आहे, हुजूर. पोरगा आळशी आहे. बाप असा नव्हता." सगळे हसले, आणि आपली नावं लागली.

परतताना विचारलं, काका, गप्प बसला असता तर जिंकला असता की! म्हणाले, "मी तुझ्या बापाशी, भोगेंद्रशी लढलो. तो मेला म्हणून जिंकलो, असं सांगत फिरू काय?" मग गमछ्यानं डोळे पुसले. दीदी, असा वैरी मिळायला पुण्य लागतं गं.

तुझा आळशी (आता कोर्टातही तसाच ठरलेला),
फुचन

ता. क. सोबतच्या वकीलपत्रावर फुली केली आहे तिथं सही करून उलट टपाली पाठव. गुडघ्याची चौकशी मनापासूनच केली, पण पत्राचं कारण हे.

आणखी ता. क. काकांना महिनाभर खोकला आहे. त्यांचा बेंगळुरूचा मुलगा फोनवर म्हणाला, बाबांच्या मागे मी काही भांडणार नाही, वाट तुमचीच. मी आनंदानं मायला सांगितलं, तर माझ्यावरच भडकली. तेव्हापासून रोज कुंपणावरून काकांना काढा पाजते. तर तुझ्या सासूबाईंचं ते खोकल्याचं चूर्ण आधी पाठव, सही मागाहून आली तरी चालेल. माय म्हणते, "वाट घ्यायची ती त्याला हरवून. तो मेला म्हणून मिळाली, तर वर जाऊन तुझ्या बाबूजींना काय तोंड दाखवू?"