शेवटच्या सायकलवर अण्णा

नगर,
१० फेब्रुवारी २०२६

चि. अजिनाथ यास,
ताईचे अनेक आशीर्वाद. आम्ही सगळे इकडे बरे आहोत. तूही बरा असशील असं समजून लिहायला बसले आहे.

वकीलबाईंनी बजावलंय की पत्रात तू आहेस त्या देशाचं नाव नको, पलटणीचं नको, लढाईबद्दल काही नको. त्या दिल्लीत बसून तुझ्यासारख्या सगळ्या पोरांच्या घरची पत्रं गोळा करतात आणि पुढे देतात. पुढे म्हणजे कुठे, ते त्यांनाही नीट सांगता येत नाही. “लिहा, पोचलं तर पोचलं,” म्हणाल्या. म्हणून घरचंच लिहिते.

तांबडी गाय व्याली, कालवड झाली. आईचा गुडघा थंडीत फार धरतो, पण कुणी विचारलं की “काय न्हाई झालं” म्हणते आणि पुन्हा उकिडवी बसते. शाळू यंदा चांगला आहे. हुरड्याला मावशीकडचे आले होते. तुझ्या वाटणीचा हुरडा आईनं वाळवून डब्यात भरून ठेवलाय. वाळलेल्या हुरड्याला काय चव राहणार, पण तिला कोण सांगणार.

माझ्या सायकल-फेऱ्या चालू आहेत. पुण्याहून, संभाजीनगरहून माणसं येतात, सकाळी किल्ल्यापाशी जमतात, आणि मी त्यांना नगरच्या लढाया दाखवत फिरवते. तू होतास तेव्हा पुढे मी, मागे तू. कुणाची चेन पडली, कुणाला दम लागला, ते सगळं तू मागच्या मागे निस्तरायचास, मला मागे वळून बघावं लागत नव्हतं. आता दर चौकात थांबून डोकी मोजते.

परवाच्या रविवारी मात्र मागे अण्णा होते.

ते शनिवारी गावाहून एसटीनं आले. सोमवारी त्यांचं इथे दवाखान्यात काम होतं. रविवारी त्यांना खोलीवर बसवून मी निघणार होते, तर म्हणाले, “मी बी येतो. तुजं काम कवा बघितलंच न्हाई.” मी म्हटलं, “अण्णा, दोन-तीन तास सायकल मारावी लागते.” म्हणाले, “तिसगावला सायकलीवर दूध मीच घालत हुतो ना?” आणि तुझीच सायकल काढली. सीट खाली करून दिली. धोतर वर खोचून, टोपी घट्ट करून आपला बाप शेवटच्या सायकलवर बसला.

पुण्याची सात-आठ माणसं होती, एका कंपनीतली. स्वभावानं चांगली. किल्ल्याच्या खंदकाशी मी नेहमीप्रमाणे चांदबिबीचा वेढा सांगितला. पुढे इंग्रजांनी शिड्या लावून पेठेचा तट कसा घेतला ते सांगितलं. तिथे तू मागून तोंडानं तोफेचा आवाज काढायचास आणि सगळे दचकून हसायचे. तू गेल्यापासून तो आवाज मी काढते. परवा अण्णा समोर उभे होते, सायकलचं हँडल दोन्ही हातांनी धरून. तो आवाज मी गाळला. मी पुढे चला म्हटलं.

भिंगारच्या रस्त्याला, लष्कराच्या हद्दीबाहेर झाडाखाली थांबून मी कैद्यांची गोष्ट सांगते, ती तुला पाठ आहे. पहिल्या महायुद्धात इंग्रजांनी देशभरातले जर्मन धरले आणि इथे नगरला आणून कोंडले. सैनिक होते, तसे साधे व्यापारीही होते. चार-पाच वर्षं त्यांनी या उन्हात काढली. मी सांगत होते आणि अण्णांनी हात वर केला. शाळेतल्या पोरासारखा.

“त्यांच्या घरच्यांला ठावं हुतं का, ही हितं हायेत म्हनून?”

“हो अण्णा. पत्रं जायची. साहेब लोक वाचून मग पाठवायचे.”

“पोचायची?”

“उशिरा. पण पोचायची.”

“आन् लढाई सरल्यावर?”

“सोडलं. बोटीत बसवून परत पाठवलं.”

“समद्यांला?”

“बहुतेकांना.”

“बहुतेक म्हंजी?”

एक बाई हसून म्हणाली, “काका किती बारकाईनं विचारतात.” ती कौतुकानंच म्हणाली. अण्णांनी तिच्याकडे बघितलंसुद्धा नाही. माझ्याकडे बघत राहिले. आजारानं किती गेले, इथेच किती पुरले, हे मी वाचलेलं आहे आणि एरवी सांगतेही. त्या झाडाखाली मी म्हटलं, “सगळे गेले अण्णा. सगळे घरी पोचले.”

त्यांनी मान हलवली. पटलं असेल असं मला वाटत नाही.

तिथून रणगाड्यांच्या म्युझियमला गेलो. लोक नेहमीसारखे पांगले, फोटो काढू लागले. एक जण रणगाड्याच्या तोफेखाली उभा राहून दोन बोटांनी विजयाची खूण करत होता. अण्णा एका जुन्या रणगाड्याभोवती फिरले. लोखंडावर हात ठेवला. ऊन झालं होतं, तरी हात काढला नाही. मी जवळ गेले तर हळूच म्हणाले, “निके, पेटलं तर आतल्या मानसानं भायेर कुनीकडून निघायचं?”

मी वरचं झाकण दाखवलं.

“लई बारीक हाय,” म्हणाले.

अजिनाथ, वकीलबाई नको म्हणाल्या तरी हे लिहिते, गोरक्षनाथ घरी आलाय. तुझ्याबरोबर गेलेला कर्जतचा. डिसेंबरमध्येच आला, पाय गेलाय त्याचा गुडघ्याखाली. मी त्याला भेटून आले. तो म्हणाला, आम्हाला दोघांना गोदामात माल भरायचं काम सांगून नेलं आणि न कळणाऱ्या भाषेतल्या कागदावर सही घेऊन पलटणीत घातलं, ते तर तुम्हाला माहीत आहे. मग म्हणाला, दिवाळीच्या सुमाराला तुला आणि आणखी काही जणांना एका गाडीत बसवून पुढे नेलं. त्या गाडीचं पुढे काहीतरी झालं असं त्यानं ऐकलं. डोळ्यांनी बघितलं नाही. हे त्यानं तीनदा सांगितलं, डोळ्यांनी बघितलं नाही ताई. त्याची आई चहा घेऊन आली ती उंबऱ्यातच थांबली. तिचं पोरगं खाटेवर होतं आणि माझ्या तोंडाकडे बघायची तिला लाज वाटत होती.

अण्णांना मी एवढंच सांगितलं होतं की तू कैदेत असशील. म्हणून त्यांचे ते कैद्यांचे प्रश्न.

पण मी रविवारचं पुरं सांगते. म्युझियमच्या दारात सगळे पाणी पीत बसले होते. त्यातल्या एकानं अण्णांना सहज विचारलं, “काका, मुलगा काय करतो?” मी मध्ये काही बोलणार तोवर अण्णा म्हणाले, “लढाईत हाय.”

झालं. सगळे उठून उभे राहिले. “आर्मीत? वा काका. आम्ही तुमच्यामुळे निवांत झोपतो.” एकानं टाळ्या वाजवल्या, मग सगळ्यांनी. ती मघाची बाई पुढे आली आणि अण्णांच्या पाया पडली. अण्णा एकदम मागे सरले. टोपी काढून हातात घेतली. “न्हाई न्हाई, तसं न्हाई,” म्हणत राहिले, पण लोकांना तो साधेपणा वाटला. मग एकानं विचारलं, “कुठल्या बॉर्डरला आहे?”

अण्णांनी माझ्याकडे बघितलं. कुणाच्या देशासाठी, कुणाबरोबर, कशापायी, यातलं त्यांना काहीच ठाऊक नाही. मलाही नाही. मी म्हटलं, “ते सांगता येत नाही.” सगळ्यांनी समजूतदारपणे माना हलवल्या. मग अण्णांना मधे उभं करून फोटो काढला. ते ताठ उभे राहिले. काय करणार होते?

खोलीवर आल्यावर ते जेवले नाहीत. सायकल पुसत बसले.

आता सोमवारचं. सकाळपासून मी गाय, हुरडा असं लिहितेय ते हे टाळण्यासाठीच. तिकडून काही मृतदेह मिळालेत, ओळख पटत नाही. वकीलबाईंचा फोन आला की घरच्या माणसाचं रक्त लागेल, डीएनए जुळवून बघतात. अण्णांना मी सांगितलं होतं की शुगर तपासायची आहे. दवाखान्यात गेलो तर तिथे पोलीस होता, कागद होते, नळीवर चिकटवायला चिठ्ठी होती आणि चिठ्ठीवर तुझं नाव होतं. अण्णांना वाचता येतं तेवढं. त्यांनी बाही वर केली, हात पुढे केला. सुई टोचत असताना म्हणाले, “शुगरला पोलीस लागत न्हाई, निके.”

मी टोचल्या जागी कापूस धरला. ते म्हणाले, “तुज्या आयला सांगू नगो.”

तू हे वाचत असशील तर ते रक्त वाया गेलं. वाया जाऊ दे. तेवढ्यासाठीच हे पत्र पोचावं असं वाटतं.

थंडी असेल तिकडे. पाय कोरडे ठेव.

तुझी ताई,
निकिता


गावाकडून,
२१ एप्रिल २०२६

चि. अजिनाथ,
अनेक आशीर्वाद. पहिलं पत्र कुठवर गेलं ते कळलं नाही. वकीलबाईंना विचारलं तर म्हणाल्या, “दिलं आहे.” हेही द्या म्हणून देणार आहे.

मी चार दिवस गावी आले आहे. ऊन फार आहे. विहिरीला पाणी हंड्या-कळशीपुरतं. कालवड दावं तोडते.

आखितीच्या आधी दोन दिवस फोन आला. अण्णा गोठ्यात होते. मी फोन कानाला लावून तशीच बाहेर गेले, त्यांना लांबूनच दिसलं असेल, कारण ते शेणाच्या हातानं उभे राहिले.

जुळलं नाही. तो तू नव्हेस.

तुझा ठावठिकाणा मात्र अजून नाही. कैद्यांच्या कुठल्याच यादीत तुझं नाव सापडत नाही. वकीलबाई म्हणाल्या, आणखी देह येतील, तुमचं रक्त आमच्याकडे आहे, दर वेळी जुळवून बघू. म्हणजे हा फोन पुन्हा येणार. मी हो म्हटलं.

मी अण्णांना म्हटलं, “आपला नाही.” मला वाटलं ते खाली बसतील, नाहीतर देवाला हात जोडतील. ते तसेच उभे. मग म्हणाले, “मग ते कुनाचं हाय?”

“कळलं नाही अजून.”

“म्हंजी त्याच्या बापाचं रगात घ्यायचं ऱ्हायलंय.”

आणि ते परत शेण काढायला वळले.

तोवर आईला सगळं कळलं होतंच. रक्ताचंही. कुणी सांगितलं ते ती सांगत नाही. रडली नाही. आखितीची तयारी करत राहिली. आपल्याकडे त्या दिवशी पितरांचे पाण्यानं भरलेले मातीचे करे पुजतात ना, यंदा ती कुंभाराकडे गेलीच नव्हती. किती करे आणायचे, हे कुणी तिला विचारू नये म्हणून. फोन आल्यावर गेली आणि आजोबांचा न् आज्जीचा, दोनच घेऊन आली. दारातून येताना तिचं तोंड जरा मोकळं होतं, फेब्रुवारीपासून पहिल्यांदाच.

सणाच्या सकाळी अण्णा अंघोळ करून आले ते तिसरा करा घेऊन. लहान होता. त्यांनी तो आजोबांच्या बाजूला मांडला.

आई उभी राहिली. “ह्यो कुनाचा?”

“त्या पोराचा.”

“कंच्या पोराचा?” ती म्हणाली. “माजं पोरगं जितं हाय. माज्या घरात त्याचा करा मांडायचा न्हाई.”

“त्याचा न्हाई, रंगू. त्या दुसऱ्याचा. त्याच्या घरच्यांला अजून ठावं बी न्हाई. ते आज त्याच्या नावानं देवाला नवस बोलत आसतील. कोन पानी देनार त्याला?”

“नाव काय घेनार?” आई म्हणाली. “नाव ठावं न्हाई, गाव ठावं न्हाई.”

अण्णा करा धरून बसून राहिले. उचलावा की ठेवावा ते त्यांना कळेना. मीही दाराशी नुसती उभी. इतक्या लोकांना इतकी वर्षं लढाया समजावून सांगितल्या, पण त्या वेळी या दोघांना सांगण्यासारखं एक वाक्य माझ्याजवळ नव्हतं.

मग आईच खाली बसली, दुखरा गुडघा लांब करून. कळशी ओढली आणि त्या लहान कऱ्यात पाणी ओतलं. काठोकाठ भरला. वर आंबा ठेवला. नाव घेण्याच्या वेळी तिचे ओठ हलले, पण काय म्हणाली ते आम्हाला ऐकू आलं नाही.

जेवताना तुझं ताट वाढलं होतं. ते रोजच वाढतो.

उद्या मी नगरला जाते. रविवारची फेरी आहे. अण्णा म्हणतात, ते येतील मागे.

तिकडे तुला कुणीतरी पाणी देत असेल, एवढं धरून चालते.

तुझी,
ताई