कानाच्या पातळीला

प्रिय नागू,

सप्रेम जय भीम.

दिवसातून तीनदा फोन होत असताना ताईला पत्राचं खूळ कुठून सुचलं, असं तुला वाटेल. पण फोनवर तू बोलतोस आणि मी नुसती 'बरं, बरं' करते, हे तुलाही ठाऊक आहे. आयसीयूबाहेरच्या लोखंडी खुर्च्यांवर बसून माझी पाठ धरली आहे, पाय सुजलेत, आणि भांडायचं त्राण तर मुळीच उरलेलं नाही. पर्समध्ये शाळेचे कोरे कागद सापडले, म्हणून लिहायला बसले.

आधी आईचं सांगते. आज बरी आहे. बरी म्हणजे, नळी उघडी आहे म्हणून बरी. मेंदूत रक्तस्राव झाल्यापासून डोक्यात पाणी तुंबतंय, ते कवटीतून घातलेल्या नळीनं उशाशी टांगलेल्या पिशवीत उतरतं. तेवढं उतरत राहिलं की मीनाबाई कबनूरच्या अंगणवाडीतल्या मीनाबाई होतात. सिस्टरना जेवलीस का म्हणून दटावतात, शेजारच्या कॉटवरच्या पेशंटची सोयरीक कुठली ते विचारतात. नळीशिवाय तिचं तिला जमतंय का बघायला डॉक्टरांनी ती दोनदा बंद करून पाहिली. दोन्ही वेळा दुपारपर्यंत जीभ जड, डोळे मिटलेले, आणि मला ती अक्का म्हणायला लागली. अक्कामावशीला जाऊन किती वर्षं झाली, तुला माहीत आहे. नळी उघडल्यावर परत मला क्रांती म्हणाली तेव्हा मी बाथरूममध्ये जाऊन रडून आले.

पाहुण्यांचं तर विचारूच नकोस. सगळं कबनूर येऊन गेलं. एकेकालाच आत सोडतात, मग बाकीचे माझ्याभोवती बसून सल्ले देतात. बाळासोकाकांनी पिशवीतलं पाणी बघून 'लई निघालं, आता बास करा' असं डॉक्टरांनाच सांगितलं. शहाळी इतकी जमलीत की वॉचमनसुद्धा आता नको म्हणतो. माणसं मायेनं येतात, कळतं मला, पण प्रत्येकाला पहिल्यापासून सगळं सांगून माझा घसा बसला आहे. आणि प्रत्येकाचा शेवटचा प्रश्न एकच, नागसेन काय म्हणतोय.

नागसेन म्हणतोय, मी आल्याशिवाय ऑपरेशन नाही, आणि त्या दवाखान्यात तर नाहीच. डॉक्टरांनी तुलाही फोनवर समजावलं होतं. ही बाहेरची नळी फार दिवस ठेवली तर जंतू आत शिरतात. आता कातडीखालून डोक्यापासून पोटापर्यंत कायमची नळी टाकायची, म्हणजे पाणी आतल्या आत जिरेल. पण तुझं एकच, त्या रविवारी सिस्टरनं हलगर्जीपणा केला, आई मरता मरता वाचली, त्या लोकांच्या हातात परत आईचं डोकं देणार नाही.

तो रविवार आता तुला सांगायलाच हवा. तू आत होतास, मी बाहेर. आईची पिशवी आणि तिचा कान यांची पातळी ठरलेली असते. कॉट हलवायची तर सिस्टर आधी नळी बंद करतात, कॉट हलवतात, मोजपट्टी लावून पिशवी पुन्हा कानाच्या पातळीला आणतात आणि मगच नळी उघडतात. तशीच कॉट उचलली तर भरलेलं पिंप उंच केल्यागत होतं, नळीतून पाणी धावतं. तू बसची वेळ झाली म्हणून निघालास आणि मी आत गेले, तर आईच्या डोक्याकडची कॉट वर होती. डोकं फुटतंय म्हणत ती ओकत होती आणि पिशवी भरभर भरत होती. शिवानी सिस्टर धावत आली, नळी बंद केली, म्हणून निभावलं. डॉक्टरांनी सगळ्यांदेखत तिलाच झापलं. त्या बिचारीचीच चूक समजून मीही तुला फोनवर तसंच कळवलं.

आईला बोलता यायला लागल्यावर तिनं माझा हात धरला. म्हणाली, "नागूनं कॉट वर केली. लेकराला आईचं तोंड नीट दिसंना. त्येला बोलू नकोस."

मी डॉक्टरांना कॉट आमच्यातल्याच माणसानं उचलली एवढं सांगितलं, शिवानीची माफी मागितली, आणि तुला बोलले नाही. तू मुद्दाम केलं नाहीस रे. आईला खाली मान टाकून पडलेलं बघून कुणाच्याही हाताला तेच सुचलं असतं. पण त्या रविवारावर बोट ठेवून तू ऑपरेशन अडवून धरलंस, आणि आईचं म्हणणं राखायला मी गप्प बसले. यात तिचे दिवस वाया चाललेत, नागू.

काल डॉक्टरांनी परत विचारलं, मुलगा कधी येणार. मी म्हटलं, सुट्टी मिळाली की. आई जागी होती. म्हणाली, "डोकं माझं हाय की. मला का इचारंना कोण?" डॉक्टर गडबडले. खुर्ची ओढून बसले, तिला नाव, गाव विचारलं, ऑपरेशन समजावलं, त्यातले धोके सांगितले, आणि तिच्याच तोंडून परत वदवून घेतलं. तिनं सगळं बरोबर सांगितलं, वर, कापायचं तर एकदाच नीट कापा, म्हणाली.

उद्या सकाळी तिचं ऑपरेशन आहे. कागदावर तिनं स्वतः सही केली, वाकडीतिकडी, पण पूर्ण नाव. खाली साक्षीदार म्हणून मी केली. बाळासोकाका आज संध्याकाळच्या ट्रॅव्हल्सनं बंगळूरला निघालेत, हे पत्र त्यांच्याकडे देतेय. तुझ्या हातात पडेल तोवर आईला आत नेलेलं असेल. फोन केला असता तर तू थांबवलं असतंस, आणि आज मी थांबले असते, इतकी दमले आहे. काय वाटेल ते बोल मला, पण येऊन बोल. ती शुद्धीवर येईल तेव्हा पहिल्यांदा तुलाच हाक मारेल, आणि दरवेळी तो कामात आहे म्हणून सांगायला मला आता नको वाटतं.

तुझीच,
ताई