सैनिकांची लेझीम

१५ फेब्रुवारी २००३, शनिवार
इराक युद्धाविरुद्ध लंडनमध्ये प्रचंड मोर्चा. आमच्या स्टॅनमोरहून ट्यूब, म्हणजे भुयारी रेल्वे, थेट जाते, पण थंडी फार. टीव्हीवर शेवटपर्यंत पाहिला. निर्णय पक्का: दोन्ही महायुद्धांच्या काळातली जुनी न्यूजरील्स, म्हणजे थिएटरातले बातमीपट, कापून युद्धाची खिल्ली उडवणारी फिल्म करणार. लांबी नव्वद मिनिटं. अर्चनाने विचारलं, बाथरूमचं शेल्फ कधी लावणार? कलावंताच्या बायकोचा प्रश्न आहे का हा?

२० मार्च
युद्ध सुरू झालं. माझी फिल्म वेळेत झाली असती तर... असो. आता चाळीस मिनिटांची.

११ मे
लायब्ररीतून तीन टेप्स आणून कॉम्प्युटरवर चढवल्या. एकच तुकडा उलटसुलट चालवला: सैनिक पुढे-मागे, पुढे-मागे. जनरल सॅल्यूट ठोकतो, हात खाली, पुन्हा सॅल्यूट. चाळीस वेळा पाहिलं, चाळीस वेळा हसलो. अर्चना म्हणाली, "सतीश, आजवर पूर्ण केलेली एक गोष्ट दाखव." दाखवतोच.

२७ जुलै
इथल्या मराठी मंडळाचे अध्यक्ष कमलाकरकाका गणेशोत्सवात वेळ द्यायला तयार. मुलांचे श्लोक आणि जेवण यांच्यामध्ये चार मिनिटं. खरा विनोद चार मिनिटांतच होतो. म्युझिक म्हणून घरातली लेझमीची कॅसेट.

६ सप्टेंबर, शनिवार
फिल्म पूर्ण! दाखवली! पन्नास सैनिक हलगीवर नाचले, हॉल डोक्यावर घेतला लोकांनी. काकांच्या डोळ्यांत पाणी. मला वाटलं, युद्धाचं दुःख पोचलं. काका म्हणाले, "काय शिस्त रे! उद्या विसर्जनाला आपल्या मुलांचं लेझीम पथक तूच चालव."
ठाम नकार देणार होतो. तेवढ्यात काकांनी माझ्या डोक्यावर फेटा चढवला.

७ सप्टेंबर
कुर्ता, फेटा, गळ्यात शिट्टी. बावीस मुलं, चार रांगा, हॉलचा कार पार्क. निषेध म्हणून शिट्टी जोरात फुंकली. छोट्या शाल्मलीचा पाय सारखा चुकत होता. ओरडलो, "पाय एका रेषेत!"
ती म्हणाली, "काका, आपण कोणाशी फाइट करायला जातो?"
पुन्हा शिट्टी फुंकली.
अर्चनाने शूटिंग केलं. म्हणाली, चला, एक गोष्ट तरी पूर्ण केलीस. मग घरी टीव्हीवर मला पुढे-मागे, पुढे-मागे चालवलं. चाळीस वेळा हसली.
पोट बरंच सुटलंय. शेल्फ उद्या.