होळीचा उलटा फेर

वडपाडा, ता. अक्कलकुवा
१२ जानेवारी २०२५

चि. राजेंद्र यास,
ताईचे अनेक उत्तम आशीर्वाद.

वीरसिंगच्या जीपमधून पेनड्राइव्ह मिळाला. इथे रेंज नाही, म्हणून हे पत्रही त्याच जीपने खाली पोस्टात जाईल. परवा तुझा आपल्या होळीवरचा माहितीपट आश्रमशाळेच्या टीव्हीवर साऱ्या पाड्याला दाखवला. मास्तरीण असून पोरांच्या आधी मीच पुढची जागा धरली! ढोलवाले गोवालकाका स्वतःला पाहून हसत सुटले. पण फेर सुरू झाला आणि याहा डोक्यावर पदर ओढून बाहेर निघून गेली. मागे गेले, तर आपली ही आई मलाच विचारते, मेलं कोण?

मग मलाही दिसलं. फेर उलटा फिरतोय रे! तसे आपण फक्त मयताला फिरतो. हे असंच टीव्हीवर दाखवणार का? दोन दिवस मला जेवण गोड लागत नाहीये. लगेच कळव.

तुझ्या उत्तराकडे डोळे लावून बसलेली,
सुनिताताई

मुंबई
२० जानेवारी २०२५

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

रागावू नकोस. आधीच्या दृश्यात माणसं एकीकडून येतात आणि फेर दुसरीकडे जातो, ते डोळ्याला खटकत होतं. म्हणून आरशात दिसावा तसा मी तो उलटवला. संकलनात हे रोजचंच आहे. आठ वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली काढल्यावर पहिल्यांदा पडद्यावर माझं नाव येणार आहे गं. वाहिनीची मंजुरीही मिळाली. आता तोंड उघडलं तर सर काम काढून घेतील. मुंबईत कोणाला कळणार आहे? याहाला तू समजाव.

दोघींचा माझ्यावरचा जीव आहे तसाच राहू द्या.
राजेंद्र

मुंबई
८ फेब्रुवारी २०२५

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तुझं उत्तर नाही. म्हणजे याहाची समजूत पटली नाही, हो ना?

काल संकलनाच्या खोलीचं दार लावून मी फेराची पावलं टाकून पाहिली. पाय आपोआप बरोबर दिशेला गेले. पडद्यावर मात्र सगळे माझ्या विरुद्ध चालले होते. याच फेरात वाढलो आणि मलाच दिसलं नाही! फार लाज वाटली.

सरांना सांगितलं. मंजूर झालेलं काम पुन्हा उघडावं लागणार म्हणून ते भडकले. शेवटी फेर सुलटा केला, मध्ये गोवालकाकांच्या ढोलाचं दृश्य घातलं, आता खटकत नाही. पण शिक्षा म्हणून पडद्यावर नाव दुसऱ्याचं जाणार. २३ तारखेला संध्याकाळी बघा. याहाला नावाचं सांगू नकोस, मीच मोठ्या तोऱ्यात तिला कळवलं होतं.

तुमच्या मायेवरच तगून असलेला,
राजेंद्र

वडपाडा
२४ फेब्रुवारी २०२५

चि. राजेंद्र यास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

काल अक्कलकुव्याला वीरसिंगच्या घरी पाहिलं. फेर आला, तशी याहा बसल्या बसल्या पाय हलवायला लागली. शेवटी नावं आली. तिने विचारलं, माझ्या पोराचं कुठलं? तिला वाचता येत नाही. मी 'संकलन' शब्दापुढच्या त्या परक्या नावावर बोट ठेवलं. तिने त्यावरून हात फिरवला आणि कानशिलावर बोटं मोडली.

होळीला ये. खरं काय ते तूच सांग, माझ्याने होणार नाही.

तुझी खोटारडी,
ताई