नारळ भलत्याच जागी वाढवला

बोळिंज, १२ जानेवारी २००१

परेशच्या बाबांना हौसाचा नमस्कार.

आम्ही बरे आहोत. आत्याबाईंच्या पोटात पेज तरी राहते का?

रविवारी परेशच्या सोसायटीबरोबर वसईचा किल्ला पाहिला. माहिती सांगणाऱ्या सरांनी दोन तास चालवलं, पण सांगितलं सगळं सरदारांचंच. मी विचारलं, "आमच्या घरचा राणोजी इथल्या लढाईत पडला, तो कुठं?" म्हणाले, "मावशी, प्रश्न शेवटी."

मग आत्याबाईंनी राणोजीसाठी दिलेला नारळ मी तिथल्या सरदारांच्या स्मारकापुढंच वाढवला, राणोजीचं नाव घेतलं, सगळ्यांना खोबरं वाटलं.

ते खोबरं चावत सर म्हणतात, "शिपाई पडले ते पलीकडच्या बुरुजापाशी." आधी सांगायला तोंड शिवलं होतं का?

मी तिकडं निघाले, तर सूनबाई म्हणे, "आई, बस सुटेल. कुठंही वाढवला तरी पोचतो." पोचायला तो काय मनिऑर्डर आहे?

उद्या दुसरा नारळ घेऊन एकटीच जाते. हे पत्र मिळेल तेव्हा काम झालेलं असेल. मगच आत्याबाईंना सांगा, आणि मी येईपर्यंत दम धरा म्हणावं.

तुमची,
सौ. हौसा