चादरी आता बाहेर वाळतात

प्रिय सूनबाई,

सासूचं एवढं जाड पाकीट बघून घाबरली असशील, तर आधी घोटभर पाणी पी. इथे सगळं ठीक आहे. माझा गुडघा कुरकुरतो, पण तो तुझ्या लग्नातही कुरकुरत होता. फोन केला असता, पण तो नेमका तुझा नवरा उचलतो आणि वीजघर परत कधी सुरू होणार, काही कळलं का, हे विचारल्याशिवाय मला खोकूही देत नाही. त्याला पुन्हा वीजघरातल्या आपल्या बॉयलरच्या कामावर यायचंय, हे मला ठाऊक आहे. परक्या गावात सामानाची गाडी चालवत दिवस काढणं त्याला जड जातंय. म्हणून हे पत्र, आणि तेही तुला.

वीजघर बंद पडून वर्ष होत आलं. आपल्या लाँड्रीची त्यामुळे मोठी गंमत झालीय. पूर्वी सकाळी उठलं की आम्ही आधी वीजघराच्या धुराड्याकडे बघायचो. धूर नदीकडे वळलेला असला की चादरी बाहेर, वस्तीकडे वळला की आत पंख्याखाली. तू नवीन होतीस तेव्हा लॉजच्या सगळ्या चादरी उत्साहाने अंगणात घातल्यास आणि तासाभरात त्यांवर मिरपूड भुरभुरल्यासारखी राख बसली. तू रडवेली झालीस. हे मात्र वीजघरातल्या कोळशाच्या पाळीवरून आले आणि हसून मला म्हणाले होते, मी काळं करतो, तू पांढरं कर, दोघांचाही धंदा चालतो. आता चादरी कधीही, कुठेही वाळत घालते. पण लॉजवाला पूर्वीच्या निम्म्याच पाठवतो. परवा म्हणाला, मावशी, मळतच नाहीत तर काय मुद्दाम मळवून पाठवू? म्हणजे हवा सुधारली आणि माझ्याच पोटावर पाय आला. हसावं की रडावं ते कळेना, म्हणून हसले. रिकाम्या वेळात आता फाटलेले कपडे शिवून देते. त्यातून तेलामिठापुरतं सुटतं.

दुसरं नुकसान कालव्याचं. वीजघरातून कोमट पाणी यायचं, थंडीत त्यात हात घातला की जीव सुखावायचा. आता बर्फासारखं गार. पण त्या कोमट पाण्यात मासे टिकत नव्हते, ते परत आलेत. शेजारचे वायरमन भाऊजी रोज गळ टाकून बसतात. परवा बोटाएवढा मासा मिळाला, तो सांगताना तळहाताएवढा झाला आणि संध्याकाळी चौकात पोचेपर्यंत दंडाएवढा. आणि हो, दिवे रोज लागतात, काळजी नको. वीज टेकडीपलीकडच्या पवनचक्क्यांची येते म्हणतात. माझी इस्त्री तर पूर्वीसारखीच तापते, तिला काही फरक कळलेला दिसत नाही.

वाचनालयात जाणं चालूच आहे. कोळशाबद्दल हाताला लागलं ते सगळं वाचून काढलं. अर्धं डोक्यावरून गेलं, अर्ध्याने झोप उडवली. राख तरी दिसते, धुतली की जाते. पण कोळसा जळला की जो वायू निघतो तो दिसत नाही, वास येत नाही आणि पिढ्यान्‌पिढ्या वर साठून राहतो. उन्हाळे वाढतात, समुद्र वर चढतो, आणि ज्यांनी आपल्या गावाचं नावही ऐकलं नाही त्यांच्या घरात पाणी शिरतं. जन्मभर लोकांचे डाग काढले ग मी, पण हा डाग कुठल्या साबणाने काढणार?

ह्यांची आठवण येते. रोजचीच आहे, तिचं नवीन काय सांगू. शेवटची दोन वर्षं आडवं झालं की श्वास अडकायचा, म्हणून हे भिंतीला टेकून बसल्या बसल्या झोपायचे. कोळसा वाहून नेणाऱ्या पट्ट्यावरची नोकरी छातीत आतपर्यंत उतरली होती. उशा अजून भिंतीलाच लावलेल्या आहेत. काढायला हरकत नाही, पण काढत नाही.

गेल्या आठवड्यात नगरपालिकेने गल्लीगल्लीची सभा घेतली. जुने बॉयलर दुरुस्त करून वीजघर चालू करायचं की कायमचं बंद, लोकांनी सांगावं. आपली सभा शाळेत झाली. छोट्या बाकांवर आम्ही सगळे गुडघे हनुवटीला लावून बसलो होतो. बंद म्हणणाऱ्यांनी हात वर करा म्हटल्यावर मी केला. भाऊजी मागून कुजबुजले,
"वहिनी, चुकून वर झालाय तुमचा. पोराचा विचार करा."
मी म्हटलं, "केलाय. त्याच्या बापाचाही केलाय."
मग त्यांचाही हात वर गेला, अर्धाच, कोपरापर्यंत, पण मोजणाऱ्याने तो पूर्ण धरला.

काल निकाल लागला. वीजघर कायमचं बंद, बॉयलर भंगारात. तुझ्या नवऱ्याला हे चार लोक सांगतीलच आणि आईनेही हात वर केला होता हे मीठमसाला लावून सांगतील. त्याआधी तू सांग. जेवण झाल्यावर सांग, उपाशीपोटी त्याला कुठलीच बातमी सोसत नाही. वीजघर चालू राहिलं असतं तर डॉक्टरांनी तुमच्या बबडीला तिच्या दम्यापायी इथे राहू दिलं नसतं. बंद झालं, तर इथे त्याला काम नाही. दोन्हीकडून माझं घर रिकामंच राहणार होतं. मग म्हटलं, निदान सुट्टीत येणारीला तरी मोकळा श्वास घेता यावा. राखेपायी खिळे ठोकून बंद केलेली मागच्या खोलीची खिडकी सुताराकडून उघडून घेतलीय. सुट्टी लागली की तिला घेऊन ये. तो रागावलेला असला तरी त्यालाही आण. फोनवर भांडणं मला जमत नाही, नीट ऐकू येत नाही. समोर बसून काय ते भांडू दे.

तुझीच,
वाट बघणारी सासू